आतून खिडकी, बाहेरून भिंत

तीर्थस्वरूप काका यांना,

नमस्कार. खरं तर तो दोन्ही पायांना करायचा, पण एक पाय अजून प्लास्टरमध्ये आहे असं ताईने कळवलं, म्हणून सध्या एकालाच करते. दुसऱ्याचा शिल्लक राहिला. पायाची खाज कमी झाली का? (तुम्ही प्लास्टरच्या आत विणायची सुई घालता असं कळलं. कृपा करून घालू नका. गेल्या वेळी ती आत अडकली तेव्हा डॉक्टर ताईला काय बोलले ते तिने तुम्हाला सांगितलेलं नाही, मला सांगितलं आहे.) झोप लागते का? ताईच्या घरची ती पायरी, जिच्यावरून तुम्ही घसरलात, तिची उंची चुकलेली आहे हे तुमचं म्हणणं मी ऐकलं आहे आणि मला ते पटतं. पण जावईबापूंना ते रोज सकाळी ऐकवू नका. इकडे आम्ही सगळे ठीक आहोत. तुमचं घरही ठीक आहे. हे शेवटचं वाक्य मी लिहिलं, खोडलं आणि पुन्हा लिहिलं, कारण ते खरं आहे. फक्त त्याच्यापुढे बरंच काही आहे.

फोन सोडून पत्र का, असं तुम्ही विचाराल. फोनवर तुम्ही मला तिसऱ्या शब्दाला थांबवता आणि चौथा स्वतःच बोलता. शिवाय शेजारी काकू असतात. आणि त्या नसल्या की तुम्ही गॅलरीत जाऊन इतकं हळू बोलता की मला "काय?" म्हणून ओरडावं लागतं, आणि मग जे कुणाला कळू नये म्हणून तुम्ही गॅलरीत गेलेले असता ते इकडे अख्ख्या गल्लीला कळतं. पत्र मध्येच तोडता येत नाही. फाडता येतं, पण म्हणूनच मी कागदाच्या एकाच बाजूला लिहिते आहे. पाठकोरा कागद फाडणं तुमच्या हातून होणार नाही, हे मला लहानपणापासून माहीत आहे.

तुम्ही माझ्यावर सोपवून गेलात त्या बांधकामाचं आधी चांगलं सांगते. जोत्यावरच्या पट्ट्या बोल्टने पक्क्या झाल्या. चारही भिंतींचे लाकडी सांगाडे उभे राहिले. वर छप्पर पेलणाऱ्या तिकोनी कैच्या चढल्या. भिंत जमिनीवर आडवी ठोकायची आणि मग सगळ्यांनी मिळून ती उभी करायची, हे तुमच्या शेडमध्ये भुशाच्या ढिगावर बसून मी कितीदा पाहिलं होतं. पण ती पडली तर ओरडा कुणाला बसतो याचा विचार तेव्हा कधी केला नव्हता. आता पहिली भिंत उठताना मी "सावकाश, सावकाश" म्हणत मागे सरकत गेले ती थेट वाळूत बसले. आपले मिस्त्री (त्यांना प्रत्येक प्रश्नावर "होऊन जाईल" म्हणायची सवय आहे, त्यामुळे सगळे त्यांना त्याच नावाने ओळखतात) म्हणाले, "ताई, भिंत आम्ही उचलतोय. श्वास तुम्ही का रोखलाय?" मी ओळंबा तीनदा लावून पाहते, तो सरळ आला की दोरी तर वाकडी नाही ना हे पाहते. मिस्त्री म्हणतात, दोरी वाकडी लटकत नसते. मला ते कळतं. तरी पाहते.

तुम्हाला आठवत असेल, मी शाळेत जायच्या आधी शेडमध्ये जात होते. काटकोन पाहायचा गुण्या कसा धरायचा ते तुम्ही शिकवलं, आणि माप खोटं सांगायचं नाही ते बाबांनी. तेव्हा शेड एकच होती, आणि तुम्ही दोघे भाऊ एकाच पाटीखाली काम करत होता. त्यानंतर त्या गिऱ्हाइकाच्या वास्तुशांतीला, घरभर पाहुण्यांसमोर, बाबांनी बसवलेलं दार घासतंय असं म्हणून तुम्ही रंधा काढलात आणि दोनच हात मारलेत. दार मोकळं झालं आणि तुम्हा दोघांचं बोलणं बंद झालं. कोण बरोबर होतं यात मी पडत नाही. (दार घासत होतं. पण पाहुणे गेल्यावरही घासलंच असतं.) मला मिळालेल्या दोन्ही शिकवणी मात्र अजून माझ्यात एकत्रच नांदतात, आणि या घरावर मी जो काही गोंधळ घातला तो त्या दोन्ही एकदम पाळायला गेल्यामुळे.

आता मुद्द्यावर येते. ताईकडे जायच्या आदल्या संध्याकाळी तुम्ही मला जोत्याच्या कडेला घेऊन गेलात आणि म्हणालात की नकाशात काहीही असो, शेजारच्या बाजूच्या भिंतीत खिडकी नको. तुमचे शब्द मी जसेच्या तसे लक्षात ठेवले आहेत: "त्याच्या अंगणातून पाहिलं तर सलग भिंत दिसली पाहिजे." त्यात "त्याच्या" म्हणजे बाबांच्या. मग म्हणालात, त्या माणसाची सावलीसुद्धा माझ्या जोत्यावर पडता कामा नये. (संध्याकाळी आमच्या छपराची सावली तुमच्या जोत्यावर पडते. ती थांबवायला मला काही सुचलेलं नाही. क्षमस्व.) आणि हे काकूंना सांगायचं नाही, असं वचन घेतलंत. मी दिलं.

त्यानंतर आठवड्याभरात काकूंचा फोन आला. मागे नळ वाहत होता, त्यावरून त्या न्हाणीघरातून बोलत असाव्यात. त्या म्हणाल्या, ओट्यापाशी उभं राहिलं की समोर खिडकी असली पाहिजे, शेजारच्या बाजूला, आणि हे काकांना सांगायचं नाही. मी विचारलं, त्याच बाजूला का? तर म्हणाल्या, "अगं, तुझी आई समोर भांडी घासणार आणि मी इकडे भिंतीकडे तोंड करून भाजी चिरणार? आयुष्यभर?" तुम्हाला माहीत नसेल म्हणून सांगते, तुमचं बोलणं बंद झाल्यापासून या दोघी जावा दवाखान्यात भेटतात. दोघींना काहीही झालेलं नसतं. रांगेत बसतात, बोलतात आणि नंबर आला की उठून घरी जातात. वचन त्यांनाही हवं होतं. तेही मी दिलं. (हे सगळं तुम्हाला लिहायला काकूंनी कालच परवानगी दिली. परवानगीशिवाय मी लिहिलं नसतं.)

दोन वचनं दिल्यावर मी रात्रभर तळमळले असं लिहिणार होते, पण खरं सांगायचं तर मला लगेच झोप लागली, कारण वाट सापडली होती. सांगाडा ठोकताना खिडकीची जागा सोडायची, वर आडवं लाकूड, खाली उंबरठ्यासारखी पट्टी. मग बाहेरून प्लायचे तक्ते ठोकताना सुतार ते खिडकीच्या जागेवरूनही सरळ ठोकतात आणि भोक नंतर आतून कापतात, हे तुम्हीच मला शिकवलंत. म्हणजे तक्ते ठोकले आणि भोक कापलं नाही, की आतून खिडकी, बाहेरून सलग भिंत! काकूंना ओट्यापाशी उभं राहून काढलेला फोटो, तुम्हाला बाबांच्या अंगणाच्या बाजूने काढलेला. दोन्ही खरे. कुणालाही खोटं माप सांगितलेलं नाही. मिस्त्रींना मी हे समजावलं तेव्हा त्यांनी पहिल्यांदाच जरा थांबून "होऊन जाईल" म्हटलं.

पण ही वाट किती लांब जाते, ते मी पाहिलं नव्हतं. तक्त्यांवर पाणी अडवणारा कागद लागतो आणि कागदावर बाहेरच्या फळ्या. फळ्या बसल्या की भोक कापायचं म्हणजे घराचा नवा सदरा फाडायचा. म्हणून मी ती भिंत मागे ठेवली. बाकीच्या तीन बाजूंना तक्ते लागले. शेजारची बाजू नुसता सांगाडा. मिस्त्री रोज विचारत, ही बाजू घ्यायची का? मी रोज काहीतरी काढत असे: खिळे गंजके वाटतात, एक उभं लाकूड बदलू या, आज तक्ते ओलसर आहेत. ही कारणं खोटी नव्हती. तक्ते थोडे ओलसर होतेच. पण काका, जे ठोकायला हवं होतं ते मी न ठोकता ठेवलं, आणि तेही फक्त कुणाला नाही म्हणावं लागू नये म्हणून.

बाबा हे सगळं त्यांच्या ओसरीवरून पाहत होते. त्यांचे निरोप आणायला तुम्ही जातानाच मला बंदी घातली होती, त्यामुळे ते माझ्याशी घराबद्दल एक अक्षर बोलत नव्हते. ते हवेशी बोलत. चहाचा कप घेऊन उभे राहत आणि आंब्याच्या रोपाला सांगत, "मी काही म्हणत नाही हं. पण कैच्यांना आडवे बांध कमी आहेत." किंवा, "आपल्याला काय करायचंय. पण तीन बाजू बंद करून चौथी उघडी ठेवली की ते घर राहत नाही, पोतं होतं. वारा शिरला की फुगणार." आई आतून म्हणायची, "रोपाला घर बांधायचंय का?" मी पेचात पडले. ऐकावं तर तुमची बंदी मोडते, न ऐकावं तर छप्पर मोडतं. शेवटी मी स्वतः वर चढून पाहिलं, बांध खरंच कमी होते, आणि ते मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं म्हणून घालायला सांगितलं. निम्मे घालून झाले. पोत्याबद्दल मात्र मी काही केलं नाही.

बुधवारी दुपारी वारा आला. आधी जरा सभ्यपणे आला, म्हणजे भुसा उडवला, कागदाचा रोल लोळवला. माणसं जेवायला कोपऱ्यापलीकडे गेली होती. साइटवर मी आणि मिस्त्री. मग एकदम रस्त्याच्या टोकाकडून असा जोर आला की उघड्या बाजूने तो थेट घरात शिरला आणि तिन्ही बंद भिंतींनी आवाज केला. तसला आवाज मी यापूर्वी कधी ऐकला नव्हता. लाकूड करकरतं तो नाही. मोठा माणूस खाकरतो तसा. मी वर पाहिलं, तर ज्यांना बांध घालायचे राहिले होते त्या कैच्या एका बाजूला कलत होत्या, अगदी हळू, जणू एकीच्या कानात दुसरी काही सांगतेय. मी म्हणाले, मिस्त्री, हे थांबेल ना? ते काहीच बोलले नाहीत. काका, मी या माणसाच्या तोंडून ते दोन शब्द ऐकून ऐकून वैतागले होते, पण त्या वेळी ते ऐकायला मी काहीही दिलं असतं.

आम्ही दोघं तिरका टेकू लावायला धावलो. मिस्त्रींनी लाकूड धरलं, मी खिळा धरला, हातोडी अंगठ्यावर बसली (नख जाईल, बाकी ठीक आहे), आणि टेकू जागेवर बसायच्या आत सांगाडा पुन्हा हलला. तेवढ्यात कुंपण वाजलं. बाबा कुंपणावरून येत होते. या वयात, दोराचं वेटोळं खांद्यावर, खिशात खिळे, आणि हातोडीचा दांडा दातांत, त्यामुळे तोंडाने काहीतरी बोलत होते ते कळत नव्हतं, आणि कदाचित ते बरंच झालं. जोत्यापाशी येऊन ते थबकले. हे मला सांगायलाच हवं: ते थबकले. पाय वर उचलला आणि तसाच धरला. मग माझ्याकडे न पाहता मिस्त्रींना म्हणाले, "घरमालकांना विचारायला वेळ नाही. ठेवू का पाय?" मिस्त्री ओरडले, "ठेवा हो, डोकं ठेवा पाहिजे तर!" तेव्हा ठेवला. दोन्ही ठेवले. मी तुमच्यापासून लपवत नाही.

पुढचं सगळं बाबांनी सांगितलं तसं झालं. कलत्या बाजूच्या कैच्यांना दोर टाकून तो समोरच्या झाडाला ताणला. मिस्त्री वर, बांध ठोकायला. आणि मग बाबा म्हणाले, पोत्याचं तोंड शिवा. ती भिंत. बाहेरून तक्ता बाबा धरणार, आतून मी रेटून ठेवणार, खिळे ते मारणार. तक्ता वाऱ्यात पतंगासारखा ओढ घेतो. एकदा तो बाबांना घेऊन मागे गेला, त्यांची पाठ कुंपणाला आपटली, ते उठले आणि तक्त्यालाच म्हणाले, "झालं तुझं? आता चल." एकेक करत आम्ही भिंत बंद करत आणली आणि शेवटचा तक्ता राहिला तो बरोबर ओट्यासमोरचा.

बाबा तो उचलून उभे राहिले आणि त्यांना चौकट दिसली. वरचं आडवं लाकूड, खालची पट्टी. त्यांना कळायला वेळ लागला नाही. त्या जागेतून त्यांचा चेहरा मला आणि माझा त्यांना दिसत होता, हातभर अंतरावर, मध्ये काही नाही.

"ही खिडकी आहे?"

"आतून आहे," मी म्हणाले.

"आणि बाहेरून?"

"बाहेरून नाही."

"बाहेरचं त्याचं?"

"हो."

"आतलं वहिनीचं."

मी मान हलवली. वर कैची पुन्हा करकरली. काका, तिथे त्यांना काहीही करता आलं असतं. तक्ता खाली ठेवून निघून जाता आलं असतं. मला चार शब्द सुनावता आले असते, आणि मी ते ऐकून घेतले असते. त्यांनी तक्ता वर उचलला, चौकटीच्या कडेला नीट जुळवला, म्हणाले, "रेट, बोटं आत घे," आणि ठोकायला लागले. माझ्यासमोरचा उजेड वरून खाली बंद होत गेला. शेवटी त्यांची हनुवटी दिसत होती, मग तीही नाही. मी अंधारात तक्त्याला खांदा लावून उभी होते आणि पलीकडून तुमच्या भावाने स्वतःसमोर भिंत ठोकल्याचा आवाज ऐकत होते. एकही खिळा वाकडा गेलेला नाही. मी नंतर पाहिलं.

घर उभं राहिलं. वारा संध्याकाळपर्यंत बाहेर आपटत राहिला, पण आत शिरला नाही. एक कैची सरकली होती, ती गुरुवारी मिस्त्रींनी जागेवर बसवली आणि माझ्या सांगण्यावरून ओळंबा सगळीकडे पुन्हा लावला. बाबा परत जाताना कुंपणावरून गेले नाहीत, रस्त्याने वळसा घालून गेले. आईने पाठीला मलम लावलं तेव्हा म्हणाले, शेजारी म्हणून गेलो होतो, कुणीही गेलं असतं. त्या दिवसापासून ते आंब्याच्या रोपाशी बोलत नाहीत. ओसरीवर उभेही राहत नाहीत. समोर सलग भिंत आहे, पाहायचं काय?

तेव्हा तुम्ही सांगितलं होतं तसंच झालं आहे. त्यांच्या अंगणातून पाहिलं की सलग भिंत दिसते, आणि ती त्यांनीच ठोकली आहे. सोबत फोटो जोडला आहे, पाहून घ्या. तुम्ही परवा फोनवर आतले फोटो मागितलेत, ते मी पाठवले नाहीत, कारण आतल्या फोटोत चौकट दिसते आणि ती काय आहे हे तुम्ही विचारलं असतं. आता विचारायची गरज राहिली नाही. जोत्यावर पाऊल पडू दिल्याचा, भिंत मागे ठेवून घर धोक्यात घातल्याचा आणि दोघांना दोन वचनं दिल्याचा दोष माझा आहे. मिस्त्रींना काही बोलू नका, ते तर "होऊन जाईल" पलीकडे कधीच काही बोलले नव्हते. हे पत्र केवळ तुमच्या माहितीसाठी आहे. मला काहीही मागायचं नाही.

पायाला जपा. काकूंना नमस्कार सांगा आणि ताईच्या पायरीला हातोडी लावू नका.

तुमची पुतणी,
(साइटवर जबाबदार; मिस्त्रींच्या मते जरा जास्तच)

ता. क. मागायचं नाही असं वर लिहिलं ते खोटं माप झालं, म्हणून दुरुस्त करते. बाहेरच्या फळ्यांचा ठेकेदार सोमवारी येतो आहे. तो शेजारच्या भिंतीपासून सुरुवात करणार, कारण तिथे सावली असते. फळ्या चढायच्या आत तो तक्ता कापायचा की तसाच ठेवायचा हे ठरलं पाहिजे, आणि ते मी ठरवणार नाही. घर तुमचं आहे. काकूंचंही आहे, असं काकूंनी लिहायला सांगितलं आहे.

ता. क. पुन्हा. एक गोष्ट मला माहीत आहे आणि तुम्हाला माहीत नाही, हे मला बरं वाटत नाही. गुरुवार सकाळपासून आमच्याकडची शेड उघडी आहे आणि आत करवत चालू आहे. बाबा एका झडपेची खिडकी करत आहेत. जुनं मुरलेलं लाकूड, जे ते कुणाला हात लावू देत नसत. कुणासाठी म्हणून विचारलं तर म्हणाले, गिऱ्हाईक आहे एक. गिऱ्हाईक कोण हे त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही, कारण त्यांना खोटं बोलायला लागू नये. पण ते जेवायला गेल्यावर मी टेप लावून पाहिली. ओट्यासमोरच्या जागेत ती बसते. त्यांनी तिचं माप कधी घेतलं नव्हतं; फक्त वाऱ्यात तक्ता धरून एकदा पाहिलं होतं.

ता. क. शेवटचा. आज बाबांनी बिजागऱ्या लावायला काढल्या, डाव्या बाजूला. मी म्हणाले, पावसाची पन्हाळ त्याच बाजूने खाली उतरणार आहे, झडप तिच्यावर आपटेल. काकांनी उजवीकडे लावल्या असत्या. ते म्हणाले, "त्याला काय कळतंय? उजवीकडे लावल्या तर वारा झडप उपटून नेईल." मी म्हणाले, तसं काकांना नाही वाटणार. तर म्हणाले, "मग म्हणावं, ये आणि सांग." हा निरोप आहे, आणि निरोप आणायला तुम्ही मला बंदी केली आहे, म्हणून मी तो देत नाही; फक्त बिजागऱ्या का थांबल्या आहेत त्याचं कारण कळवते आहे. सोमवारच्या आत एका शब्दात कळवा: डावीकडे की उजवीकडे. "नको" हाही एकच शब्द आहे, मला माहीत आहे. तो कळवायचा असेल तर कृपया काकूंच्या तोंडून कळवा.